वीज कंपनीकडे ३४ लाख अडकलेत, तीन वर्षं होत आली, कोर्टात जायचं की अजून थांबायचं?

शेड_नंबर_१७

नमस्कार मंडळी, बरेच दिवस नुसता वाचतोय इथे, आज स्वतःवर आली म्हणून लिहितोय. लांबलंय, सांभाळून घ्या.

वाळूजला आमचं छोटं फॅब्रिकेशन आहे, बाबांनी सुरू केलेलं, आता मी बघतो. विजेच्या खांबांवर लागणारं लाईनचं मटेरियल करतो, व्ही क्रॉस आर्म, टॉप क्लॅम्प, स्टे सेट वगैरे. ऑगस्ट २०२२ ला एका सरकारी वीज वितरण कंपनीचं रेट कॉन्ट्रॅक्ट मिळालं, म्हणजे दर आधी ठरतो आणि ऑर्डरी नंतर निघतात (कंपनीचं नाव घेत नाही, पुढचं टेंडर पण तिथेच भरायचंय). माल तीन लॉटमध्ये गेला, मार्च, जून आणि ऑक्टोबर २०२३. तिन्ही वेळा इन्स्पेक्शन आमच्याच शेडमध्ये झालं, साहेबांनी जस्ताचा थर मीटर लावून मोजला, दोन नग कापून टेस्टिंगला नेले, मग डिस्पॅचची परवानगी, मग स्टोअरला गाडी खाली. स्टोअरच्या सही-शिक्क्याच्या पावत्या तिन्ही आहेत. बिलं १४.२ लाख, १५.६ लाख आणि ८.३ लाख. दुसऱ्या बिलापोटी मार्च २०२४ मध्ये ४ लाख आले आणि त्यानंतर आजपर्यंत एक रुपया नाही.

पत्रं दिलीत सात. दर वेळी अकाउंट्सचं उत्तर एकच, बिल पास आहे, फंड नाही. मागच्या महिन्यात आमच्या शेडचं लाईट बिल भरायचं राहिलं, कामात विसरलो, तर लगेच नोटीस आणि पाठोपाठ वायरमन पक्कड घेऊन दारात. मी म्हणलं अरे तुझ्या कंपनीकडे माझे ३४ लाख आहेत, त्यातनं वळते करून घे ना. तो म्हणे साहेब ते डिपार्टमेंट वेगळं. बरोबर आहे त्याचं पण, त्याला काय बोलणार.

बाबांचं म्हणणं शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, आणि एकदा केस केली की ब्लॅकलिस्ट करतील. बँकेचं सीसी (कॅश क्रेडिट) अकाउंट मात्र मर्यादेच्या काठावर आलंय. उद्यम रजिस्ट्रेशन (छोट्या उद्योगांची सरकारी नोंदणी) आहे, ऑक्टोबर २०२२ चं. पीओमध्ये (खरेदीच्या ऑर्डरमध्ये) पेमेंट ६० दिवसांत लिहिलंय आणि उशीर झाला तर व्याज मिळणार नाही असंही एक कलम आहे ज्यावर बाबांनी सही केलीय. कोणी या रस्त्याने गेलंय का? कोर्ट, कौन्सिल, का एनसीएलटी (कंपन्यांच्या दिवाळखोरीचं न्यायाधिकरण)? एक ओळखीचे म्हणाले एनसीएलटीची नोटीस टाका, दहा दिवसांत पैसे येतात.

रिवाइंडिंगवाला

भावा मी गेलोय या रस्त्याने, आमचं सांगलीकडे ट्रान्सफॉर्मर रिपेअरिंगचं काम आहे. आधी ब्लॅकलिस्टचं सांगतो कारण बाबांची भीती तीच आहे आणि माझीही तीच होती. मी केस केल्यावर पुढची तीन टेंडरं भरली, दोन लागली. नियमात बसेल असं कारण लागतं रे ब्लॅकलिस्टला आणि आधी नोटीस देऊन म्हणणं ऐकावं लागतं, पैसे मागितले हे कारण होत नाही. त्रास देतात तो वेगळा, इन्स्पेक्शनला चार दिवस उशिरा येतील, पावतीत बारीक काहीतरी खुसपट काढतील, ते मी भोगलंय. पण ते केस न करणाऱ्यांना पण भोगावं लागतंच की.

मी कौन्सिलला गेलो, सूक्ष्म आणि लघु उद्योगांची सुविधा परिषद म्हणतात ती, उद्योग सहसंचालकांच्या ऑफिसला. माझे मूळ ११ लाख होते. पहिल्या तीन तारखांना कंपनीकडून कोणीच आलं नाही, चौथ्या तारखेला एक ज्युनिअर वकील आला आणि म्हणाला मला कालच फाईल मिळाली. कायद्यात ९० दिवसांत निकाल लिहिलंय, मला दीड वर्ष लागलं. पण अवॉर्ड (निवाडा) आला तो व्याजासकट. त्यावर ते कोर्टात गेले, तर कोर्ट म्हणालं आधी ७५ टक्के भरा मग बोला. त्या भरलेल्यातले काही मला कोर्टाने उचलायला दिले. बाकीचं अजून चालू आहे. आता तू हिशोब कर, चकरा मारून मला चार वर्षांत काय मिळालं होतं? चहा.

निवृत्त_लेखा

मी आतल्या बाजूचा माणूस. कुठल्या कंपनीत होतो ते सांगत नाही, बिल पास करायच्या टेबलवर बरीच वर्षं काढली एवढं समजा. शेड नंबर १७ यांना आतलं चित्र सांगतो म्हणजे पत्र कुणाला लिहायचं ते कळेल.

बिल पास असणं आणि पैसे निघणं यांचा एकमेकांशी संबंध फार कमी असतो. महिन्याला वसुलीतून जे येतं ते आधी वीज खरेदीला जातं, कारण तिथे आता केंद्राचे २०२२ चे नियम आहेत, वीज निर्मिती कंपन्यांचं पेमेंट ठराविक मुदतीपलीकडे थकलं की वितरण कंपनीचा बाजारातून वीज घ्यायचा रस्ता आवळला जातो. मग कर्जाचे हप्ते, मग पगार, पेन्शन. उरलं तर कंत्राटदार आणि सप्लायर, आणि त्यात पण ज्याचं कोर्टाचं काही चालू आहे त्याची फाईल वेगळ्या रंगाच्या पट्टीची असते, ती साहेबांच्या टेबलवर वर ठेवायची पद्धत होती आमच्याकडे. तुमच्या मागे कोर्ट नाही, दंड नाही, तर तुमची फाईल कोण वर काढणार? वाईट हेतू कुणाचाच नसतो हो. पाणीपुरवठा योजना, स्ट्रीट लाईट यांची बिलं कंपनीला येत नाहीत, शेतीपंपांची तर विचारूच नका, आणि त्या सगळ्याचा शेवट तुमच्या क्रॉस आर्मवर होतो.

सात पत्रं दिलीत म्हणता. त्यांच्या ऑफिस कॉपीवर आवक शिक्का आहे का? आणि उत्तर लेखी आलंय का तोंडी? तोंडी असेल तर ती सात पत्रं म्हणजे तुम्ही स्वतःशीच केलेला पत्रव्यवहार झाला.

शेड_नंबर_१७

काका शिक्के आहेत, पाचावर. लेखी उत्तर एकदाही नाही. एका पत्राच्या आमच्या कॉपीवर क्लार्कने पेन्सिलने लिहून दिलंय "फंड आल्यावर बघू", सही नाही.

पक्षकाराचा_मित्र

वकील आहे, औरंगाबाद खंडपीठ आणि खाली दोन्हीकडे जातो. तुमची फाईल बघितल्याशिवाय पक्कं काही नाही, पण काही गोष्टी आजच सांगायला हव्यात.

पेन्सिल विसरा. तुमचा खरा शत्रू फंड नाही, तारीख आहे. विकलेल्या मालाच्या पैशांसाठी मुदत तीन वर्षं. पहिला लॉट मार्च २०२३ चा. पीओत ६० दिवस लिहिलेत खरे पण एमएसएमई (सूक्ष्म, लघु, मध्यम उद्योग) कायद्याच्या कलम १५ प्रमाणे लेखी करार काहीही असो, ४५ दिवसांपेक्षा जास्त मुदत चालतच नाही. म्हणजे कडक मोजलं तर एप्रिल-मे २०२३ ला पैसे देय झाले आणि एप्रिल-मे २०२६ ला पहिल्या बिलाची मुदत संपते. आज जानेवारी २०२६. तीन-चार महिने आहेत तुमच्या हातात, तीन वर्षं नाहीत.

लोकांचा समज असतो की कौन्सिलला मुदतीचा कायदा लागत नाही. अर्धं खरं आहे. जुलै २०२५ मध्येच सुप्रीम कोर्टाचा निकाल आलाय, सोनाली पॉवर इक्विपमेंट्स विरुद्ध महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळ, तुमच्यासारखाच विषय, ट्रान्सफॉर्मर पुरवले आणि उशिरा झालेल्या पेमेंटवरच्या व्याजाचं भांडण. कोर्ट म्हणालं की कौन्सिलसमोर समेटाचा जो पहिला टप्पा आहे तिथे मुदतीचा कायदा लागत नाही, जुनं येणं पण घेऊन बसू शकता, पण समेट फिसकटून लवाद सुरू झाला की मुदत लागते. आता मला सांगा, कंपनीला माहितीये की लवादात तुम्ही मुदतीत बसत नाही, तर ती समेटात एक रुपया तरी सोडेल का? म्हणून काठावर जाऊच नका.

मुदत वाढवायचा सरळ मार्ग म्हणजे लेखी कबुली. मुदत कायद्याचं कलम १८. मुदत संपायच्या आत देणं लागतो असं सहीनिशी लिहून आलं की त्या तारखेपासून नवीन तीन वर्षं. आणि गंमत अशी की "पैसे देण्याची वेळ अजून आलेली नाही" असं लिहिलं तरी ती कबुलीच धरतात, रक्कम नेमकी लिहिलेली नसली तरी चालते. म्हणजे जे तुम्हाला दर वेळी तोंडी ऐकवतात, बिल पास आहे पण फंड नाही, तेच जर अकाउंट्स ऑफिसरने लेटरहेडवर लिहून सही केली तर सोनं आहे. क्लार्कची नको, ज्याला अधिकार आहे त्याची पाहिजे. दुसऱ्या बिलावर ४ लाख आलेत त्याचा पेमेंट अॅडव्हाइस (पैसे कशापोटी दिले तो कागद) शोधून ठेवा, कलम १९ खाली त्या बिलापुरता उपयोग होऊ शकतो.

व्याज मिळणार नाही या कलमावर बाबांनी सही केली म्हणून घाबरू नका. एमएसएमई कायद्याचं कलम १६ स्पष्ट म्हणतं करारात काहीही असलं तरी व्याज द्यावंच लागतं, आणि कलम २४ ने हा कायदा बाकीच्यांच्या वर बसतो. रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट, दरमहा चक्रवाढ. फेब्रुवारी २०२३ ते फेब्रुवारी २०२५ बँक रेट ६.७५ होता, म्हणजे २०.२५ टक्के. एक लाखावर दोन वर्षांत साधारण ४९ हजार होतात, हिशोब करून बघा.

एनसीएलटी सोडून द्या. २०२० पासून किमान थकबाकी एक कोटी लागते, तुमची ३४ लाख. आणि असती तरी ते वसुलीचं दुकान नाही, समोरच्याने आधीचा वाद दाखवला की अर्ज खलास.

हायमास्ट

अवांतर विचारतो वकीलसाहेब, आमचं पोल पुरवून उभे करून वायर ओढून देण्यासकट काम होतं, मजुरीचं आणि मालाचं एकच बिल. आम्ही जाऊ शकतो का कौन्सिलला?

पक्षकाराचा_मित्र

त्याला वर्क्स कॉन्ट्रॅक्ट म्हणतील आणि त्यावर मुंबई हायकोर्टाचे निकाल आपल्या विरुद्ध आहेत. तुम्ही करारात लवादाचं कलम आहे का बघा, नसेल तर कमर्शियल कोर्ट. तिथे तीन लाखांच्या वरचा दावा असेल तर आधी मध्यस्थीला जावंच लागतं, तातडीचा मनाई हुकूम वगैरे काही मागायचा नसेल तर. ती पायरी चुकवून दावा टाकला की दावाच फेटाळतात, २०२२ ला सुप्रीम कोर्टाने ठरवलंय. वेगळा धागा काढा, इथे गुंता होईल.

खमंग_ढोकळा

३४ लाखांसाठी एवढा उपद्व्याप करण्यापेक्षा आमदाराला धरा, एका फोनवर होतं काम 😄

रिवाइंडिंगवाला

ढोकळाभाऊ, केलं होतं ते पण. फोन झाला, साहेब "हो हो" म्हणाले, आणि पुढच्या महिन्यात साहेबांची बदली.

ताळेबंद_ताई

नाशिकला सीए आहे. पैशाच्या बाजूने दोन गोष्टी, कारण त्यावर कोणी बोललं नाही.

एक, लोक म्हणतात की इन्कम टॅक्सचं ४३बी(एच) आलंय २०२३-२४ पासून, सूक्ष्म-लघु उद्योगाचे पैसे ४५ दिवसांत दिले नाहीत तर खर्चाची वजावट मिळत नाही, म्हणून खरेदीदार आता पटापट देतात. खाजगी कंपन्यांच्या बाबतीत मी ते डोळ्यांनी बघितलंय, मार्च आला की फोन यायला लागतात. पण तोट्यातल्या सरकारी कंपनीला वजावट गेली काय आणि राहिली काय, टॅक्सच भरायचा नाही. जीएसटीचं तसंच, सप्लायरला १८० दिवसांत पैसे दिले नाहीत तर खरेदीवरच्या टॅक्सचं क्रेडिट परत करावं लागतं हा धाक बाकीच्यांना असतो, पण विजेवर जीएसटी नाही त्यामुळे वीज कंपनी ते क्रेडिट मुळात घेतच नाही. म्हणजे बाजारात पैसे काढायचे जे दोन चिमटे आहेत ते दोन्ही इथे चालत नाहीत. म्हणून दादा, खाजगी पार्टीला उपयोगी पडलेला सल्ला इथे वापरू नका.

उलट तुम्ही मात्र बिल फाडलं त्याच महिन्याचा जीएसटी पुढच्या महिन्यात भरलात. ३८.१ लाखात १८ टक्क्यांनी ५.८ लाखांच्या आसपास होतो तो. बिलच सरकारला, टॅक्स आधी सरकारला, आणि पैसे मागायला परत सरकारच्या दारात.

दोन, त्यांचा वार्षिक ताळेबंद बघा. सूक्ष्म-लघु उद्योगांचं किती देणं थकलंय आणि त्यावर व्याज किती हे एमएसएमई कायद्याच्या कलम २२ प्रमाणे खरेदीदाराला त्यात दाखवावं लागतं. एकूण आकडा असतो, तुमचं नाव नसतं, त्यामुळे तेवढ्यावर तुमची मुदत आपोआप वाढेल असं समजू नका, पण माहिती अधिकारात तुमच्या बिलाची नोंद आणि टिपणी मागायला आधार मिळतो.

पक्षकाराचा_मित्र

ताईंचं कलम २२ बद्दल बरोबर आहे, त्याच जुलैच्या निकालात कोर्टाने तेच म्हटलंय, प्रत्येक केसमध्ये तपासून बघायचं. माहिती अधिकाराचा अर्ज आजच टाका, ३० दिवस लागतात. टिपणीवर कोणाची सही आहे ते बघू, तीच कबुली ठरू शकते.

आणि एक राहिलं. तुमचं उद्यम ऑक्टोबर २०२२ चं, कॉन्ट्रॅक्ट ऑगस्टचं. कंपनीचा वकील पहिलं बोट यावरच ठेवणार. सिल्पी इंडस्ट्रीज २०२१ आणि महाकाली फूड्स २०२२, दोन्ही सुप्रीम कोर्टाचे निकाल, म्हणतात की नोंदणी कराराच्या आधी हवी, नंतरची असेल तर ती पुढच्या पुरवठ्याला लागू. तुमचा पुरवठा सगळा २०२३ चा म्हणजे नोंदणीनंतरचा, आपण तिथे उभं राहायचं. जानेवारी २०२५ ला एनबीसीसीच्या केसमध्ये दोन न्यायमूर्तींनी या नोंदणीच्या अटीवरच शंका घेऊन विषय मोठ्या पीठाकडे पाठवला, तो मुद्दा पण जोडून ठेवायचा. रस्ता बंद नाहीये, पण खड्डा आहे, आधी माहीत असलेला बरा. तीन लॉटचे तीन वेगळे पीओ निघाले होते का? त्यांच्या तारखा काय?

शेड_नंबर_१७

वाचून पोटात गोळा आला आधी. मग रात्री कपाट उपसलं. हो, रेट कॉन्ट्रॅक्ट ऑगस्टचं पण तिन्ही पीओ वेगळे आहेत, पहिला जानेवारी २०२३ चा, बाकीचे त्यानंतरचे. मी आजवर त्या तारखांकडे बघितलंच नव्हतं, सगळं एकाच फाईलला टोचलेलं होतं.

पक्षकाराचा_मित्र

मग तुमचं पारडं बरंच जड झालं. पीओ हाच करार असं मांडू. तिन्हीच्या मूळ प्रती वेगळ्या फाईलला लावा आणि कृपा करून त्यांना परत पंच करू नका.

निवृत्त_लेखा

पत्राचा मसुदा मी सांगतो, धमकी नको, "कृपया पैसे द्या" असंही नको, त्याला उत्तर येत नाही. तुमच्या बँकेच्या आणि ऑडिटच्या कामासाठी दिनांक ३१ डिसेंबर २०२५ अखेर आमची शिल्लक इतकी असल्याची खात्री करून द्यावी, एवढंच. खाली तिन्ही बिलांचा तक्ता, बिल क्रमांक, तारीख, रक्कम, मिळालेले ४ लाख वजा. शिल्लक खात्रीचं पत्र हे अकाउंट्सला रोजचं काम वाटतं, त्यावर सही करायला कोणी घाबरत नाही. व्याज त्या पत्रात लिहायचं नाही, एक अक्षर नाही, व्याज बघितलं की फाईल लीगलला जाते आणि बसते. आणि बुधवार-गुरुवारी जा, सोमवारी साहेब मीटिंगला असतात आणि शुक्रवारी अर्धं ऑफिस गावाला निघालेलं असतं.

रिवाइंडिंगवाला

काका तुम्ही नोकरीत असताना कुठे होतात हो, आमची चार वर्षं वाचली असती.

शेड_नंबर_१७

अपडेट. गुरुवारी गेलो होतो, बाबांना घेऊन, ते म्हणाले मी बोलतो तू गप्प बस. अकाउंट्स ऑफिसर नवीन आहेत, मॅडम. पत्र वाचलं, सिस्टीमला बघितलं, तिन्ही बिलं पास दाखवतात, मग म्हणाल्या तिसऱ्या बिलातून उशिराच्या डिलिव्हरीचा १९ हजार दंड कापलाय तो तुम्ही धरलेला नाही. बाबांनी माझ्याकडे बघितलं, मी म्हणलं तो वजा करून लिहा मॅडम, आत्ता त्यावर भांडण नाही. त्यांनी तसं दुरुस्त करून प्रिंट काढली, "वरील रक्कम कार्यालयीन नोंदीनुसार देय आहे, निधी उपलब्धतेनुसार अदा करण्यात येईल", सही, हुद्दा, गोल शिक्का, जावक नंबर. तारीख मी तिथेच दोनदा वाचली.

बाहेर आल्यावर बाबा पार्किंगमध्ये थांबले, पत्र माझ्याकडून घेतलं, चष्मा लावून परत वाचलं आणि म्हणाले, त्या वकिलाची फी विचारून घे. कौन्सिलचा अर्ज ऑनलाईन भरायला घेतलाय, पीओ आणि पावत्या स्कॅन करतोय, स्टोअरची एक पावती इतकी फिकी झालीय की मोबाईलने फोटो काढला तरच अक्षर दिसतं, वकीलसाहेब तशी चालेल का?

पक्षकाराचा_मित्र

चालेल, पण त्याच स्टोअरकडून माहिती अधिकारात त्या पावतीची साक्षांकित प्रत मागून ठेवा. आणि ते १९ हजार "आत्ता भांडण नाही" म्हणालात ते तोंडीच होतं ना? लिहून दिलं नाहीत ना कुठे?

शेड_नंबर_१७

नाही, तोंडीच.

पक्षकाराचा_मित्र

मग अर्जात तेही मागा.